तिसरी हाक

ओसाडीत कुणी नावानं हाक मारली तर पहिल्या हाकेला ओ द्यायची नाही. दुसरीलाही नाही. तिसरी आली तरच द्यायची, कारण तिसरी हाक माणसाच्याच गळ्यातून निघते. ओसाडीतले ते लोक, ज्यांना कुणीही पाहिलेलं नाही पण ज्यांच्याबद्दल सगळ्यांना सगळं ठाऊक असतं, त्यांच्या वाट्याला दोनच हाका आल्यात. वाळवंटातल्या इन-अझावच्या विहिरीवरच्या वस्तीत पोरांना हे चालायच्या आधी शिकवतात. नियम शहाणा आहे, मी त्याला नावं ठेवणार नाही. पण शहाण्या नियमानंही एखाद्या संसाराचं वाटोळं होतं, आणि तमूमतच्या संसाराचं झालं.

चार हिवाळ्यांपूर्वीची गोष्ट. तमूमत तेव्हा चाळिशी ओलांडलेली, नवरा अत्ताहेर पन्नाशीचा. तो मिठाच्या काफिल्यातला माणूस. दर वर्षी थंडी पडली की उंटांवर बाजरी नि चाऱ्याच्या पेंढ्या लादून तेनेरेचं वाळवंट ओलांडायचं, पलीकडच्या बिल्मा गावी जाऊन मीठ नि खजूर घ्यायचे, आणि चाळीस-पंचेचाळीस दिवसांनी परतायचं. बापानं तेच केलं, आज्यानं तेच केलं. पण आता मीठ ट्रकमधून येऊ लागलं होतं, आणि अत्ताहेरचे गुडघे उठता-बसता कुरकुरत होते. तमूमत म्हणाली, या वर्षी राहा. तो म्हणाला, राहून काय शेळ्या मोजू? शब्दाला शब्द वाढला. तमूमतच्या जिभेला हाड नव्हतं, हे तिच्या बापापासून सगळ्यांना माहीत होतं. ती म्हणाली, "मग जा. वाळूच तुझी बायको आहे, तिच्याकडेच राहा. इथं तंबू माझा आहे."

ते शेवटचं वाक्य बोलायला नको होतं. तंबू बाईचाच असतो, त्यात काही खोटं नाही. चटया तिच्या आईनं विणलेल्या असतात, खांब तिच्या लग्नात आलेले असतात, नवरा आत पाहुणाच असतो. पण ते बोलून दाखवायचं नसतं. अत्ताहेरनं फेट्याचा पदर नाकापर्यंत ओढला, खोगीर उचललं आणि चालता झाला.

त्या दिवशी काफिला फार लांब गेला नाही. दक्षिणेला लांबलचक टेकाड आहे वाळूचं, पाव तासाच्या चालीवर. त्याच्या पलीकडे चारा कापायला ते थांबले. दुसऱ्या दिवशी पहाटे, तांबडं फुटायच्या बेताला, तमूमत तंबूपुढे उखळात बाजरी कांडत होती. रात्रभर डोळ्याला डोळा लागला नव्हता. आणि हाक आली.

"तमूमत."

अगदी स्पष्ट. पण उत्तरेकडून, काळ्या कड्याच्या बाजूनं, जिथं ना विहीर, ना वाट, ना माणूस. तिचं मुसळ थांबलं. शेजारच्या तंबूच्या तोंडाशी तिचा बाप इलातन बसलेला. म्हातारा जुना वाटाड्या, डोळे कधीच गेलेले, पण कानांचा मोठा तोरा. तो हलक्या आवाजात म्हणाला, "गप राहा पोरी. तिकडं माणूस नाही."

दुसरी हाक आली. तिथूनच. त्या आवाजात असं काही होतं की तमूमतनं मुसळ बाजूला टाकलं. ओ अगदी ओठांवर आली होती तिच्या. तिनं ती गिळली आणि तिसरीची वाट पाहिली. सूर्य वर आला, वाळू पिवळी झाली, शेळ्या ओरडू लागल्या. तिसरी हाक आली नाही. बापलेकीनं एकमेकांकडे तोंड करून सुस्कारा सोडला आणि तिनं पुन्हा बाजरी कांडायला घेतली.

काफिला दीड महिन्यानं परतला, अत्ताहेरशिवाय. निरोप आला तो असा: बिल्मात खजुराच्या बागेत काम धरलंय, तिथंच राहतोय. कारण काही नाही. तमूमतनं निरोप आणणाऱ्याला रिवाजाप्रमाणे चहाचे तिन्ही पेले पाजले, त्याच्या उंटांची चौकशी केली, आणि तो गेल्यावर तंबूत जाऊन पालथी पडली. उठली तेव्हा म्हणाली, "त्याला नको असेल तर माझं काय अडलंय." आणि चार वर्षं अडतच राहिलं.

तिकडच्या भाषेत ओसाडीला असूफ म्हणतात. माणसाच्या आठवणीनं पोटात जो खड्डा पडतो, त्यालाही असूफच म्हणतात. तमूमतला तो खड्डा पहाटे पडायचा. पहाटे तिकडं ऐकू फार येतं हो. टेकाडापलीकडचा उंट रवंथ करतो ते ऐकू येतं, विहिरीवर कुणी दोर टाकला तर पाण्याला लागलेला कळतो. इतकं सगळं ऐकू यायचं, आणि त्यात तो एक आवाज नसायचा. दोनदा तिला मागणी आली. एकदा तर चांगला साठ उंटांचा धनी आला होता. तिनं त्याला सांगितलं, "माझा नवरा मेलेला नाही, उशीर झालाय त्याला." त्या माणसानं चहा अर्धवट टाकला आणि उठला.

यंदा, परतीच्या काफिल्याच्या दिवसांत, एका भर दुपारी खमिदून आला. खमिदून म्हणजे अत्ताहेरचा लहानपणापासूनचा जोडीदार, बडबड्या, थापा मारण्यात पटाईत. चार वर्षांत तो या वस्तीकडे फिरकला नव्हता. आज एकटाच आला, उंटावर एक मिठाची ढेप नि खजुराची गोणी. उंट बसवला, सावलीत टेकला, आणि तमूमतच्या तोंडाकडे न बघता चहाकडे बघत राहिला.

"खमिदून भावजी, आज वाट चुकलात वाटतं," तमूमत म्हणाली.

"चुकलो नाही वहिनी. चार वर्षं मुद्दाम चुकवत होतो."

"का बरं? मी काय खाल्लं असतं तुम्हाला?"

"राग होता." खमिदूननं पेला खाली ठेवला. "अजून आहे. पण काफिला टेकाडापलीकडे उतरलाय, उद्या उजाडल्यावर दक्षिणेला निघेल. आणि बिल्मा सोडून यंदा तो आमच्यात आहे. मला राहवलं नाही."

तमूमतच्या हातातली किटली तशीच राहिली. तो म्हणजे कोण, हे विचारायची गरजच नव्हती. काळजात इतक्या जोरात धडधडलं की तिला वाटलं शेजारच्या तंबूत बापाला ऐकू जाईल.

"तो इथं आहे?" ती म्हणाली. "टेकाडापलीकडे?"

"उंटांपाशी बसलाय. इकडं पाठ करून. येणार नाही तो. हाकललेला माणूस बोलावल्याशिवाय तंबूत कसा येईल?"

"मी हाकललं? एक शब्द बोलले मी रागात. एक. त्यावर माणूस चार वर्षं जातो का?"

"शब्दावर नाही गेला वहिनी." आता खमिदूनचा आवाज चढला. "शब्द त्यानं त्याच रात्री गिळला होता. पहाटे मला म्हणाला, मी तिला हाक मारतो. तिनं नुसती ओ दिली तरी खोगीर उतरवतो, यंदा जात नाही. टेकाडावर चढून हाका मारल्या त्यानं. तीन मारल्या. तुमचं उखळ बंद झालेलं आम्हाला ऐकू आलं. म्हणजे तुम्ही ऐकत होतात. आणि ओ दिली नाहीत."

तमूमतनं किटली वाळूत टेकवली.

"दोन," ती म्हणाली.

"काय दोन?"

"हाका. दोन आल्या. आणि त्या कड्याकडून आल्या."

"तीन मारल्या. मी शेजारी उभा होतो."

"दोन भावजी, दोनच. मी मोजल्या. चार वर्षं मोजतेय."

"वहिनी, मी पुष्कळ थापा मारतो, पण ही नाही. तीन."

शेजारच्या तंबूतून म्हाताऱ्याचा खाकरण्याचा आवाज आला. इलातननं सगळं ऐकलं होतं. त्याच्या कानांपासून काही लपवायचं म्हणजे मुंगीपासून गूळ लपवण्यासारखं. तो काठी टेकत आला आणि चटईवर बसला.

"खमिदून, तिसरी कधी मारली त्यानं?" त्यानं विचारलं.

"दोन मारून थांबला बाबा. म्हणाला, सासरा शेजारी बसलेला असेल, त्याच्यासमोर बायकोच्या नावानं किती ओरडू, लाज वाटते. मग ओझं बांधलं. बांधून झाल्यावर म्हणाला, नाही, एकदा अजून. पुन्हा चढला आणि मारली."

"सूर्य कुठं होता?"

"वर आला होता. भाला उभा केला तर तेवढा वर असेल."

म्हाताऱ्यानं आपल्याच कानाला हात लावला.

"साठ वर्षं या कानांवर काफिले नेले मी," तो म्हणाला. "आणि घरच्या माणसाच्या हाकेला फसलो. अरे, रात्रभर गारठलेल्या वाळूवर आवाज सरपटत जातो, लांब जातो. ऊन लागलं की उचलला जातो वर. दुपारी शंभर पावलांवरची शेळी नुसतं तोंड हलवताना दिसते, पोरालाही माहीत आहे हे. पहिल्या दोन हाका गारव्यात आल्या, कड्यावर आपटल्या आणि कड्याच्याच होऊन आल्या. तिसरी उन्हात मारली त्यानं. ती कुणाच्याच कानी गेली नाही. आणि मी हिला म्हणालो, तिकडं माणूस नाही."

"तुम्हाला कसं ठाऊक असणार बाबा," तमूमत म्हणाली.

"मला ठाऊक असायला हवं होतं. माझा धंदा काय होता दुसरा?"

तमूमत रडली नाही. रडायला नंतर वेळ मिळेल असं तिच्या मनात आलं. तिला एवढंच कळत होतं की जो माणूस तिला सोडून गेला असं ती चार वर्षं धरून बसली होती, त्यानं तिला हाका मारल्या होत्या, आणि तिनं त्याला उभ्या उभ्या परत पाठवलं होतं. आणि तो आत्ता, या क्षणी, पाव तासाच्या चालीवर होता.

"मी चालत जाते," ती उठली.

"खाली बस," म्हातारा म्हणाला. "बाई उठली की तंबू पडला. त्याला कुठं बोलावणार मग? पुरुषांच्या तळावर जाऊन सगळ्यांदेखत त्याला ओढून आणणार? पुन्हा तोंड वर काढेल का तो?"

"मग भावजी सांगतील त्याला. सांगा भावजी, दोनच ऐकू आल्या म्हणून."

खमिदूननं डोकं खाजवलं. इथंच तर घोडं पेंड खात होतं. "माझं त्याला खरं वाटणार नाही. चार वर्षं मी त्याला बिल्मात गाठून सांगत आलोय, वहिनी तुझी चौकशी करत होत्या, वहिनी रडत होत्या. आलो कधी इथं? सगळ्या थापा. त्या त्यानं पकडल्या. आता मी नमाजाची वेळ झाली म्हटलं तरी तो आधी सावली बघतो."

तमूमतला अशाही वेळी हसू आलं. अगदी अत्ताहेरच होता तो.

"त्याला काहीच सांगू नका," ती म्हणाली. "सांगून आला तर तुमच्या शब्दाखातर येईल. ओ माझी राहिली आहे, ती मीच देते. पहाटे हाक मारीन."

"आम्ही उजाडताना उंट लादतो वहिनी. आणि लादताना उंट काय बोंबलतात, ऐकलंय ना? त्यात तुमचा आवाज कुठला?"

"तेवढं थोपवा."

"सूर्य कडेला लागेपर्यंत थोपवीन. काहीतरी थाप मारतो. त्यापुढे म्होरक्या ऐकायचा नाही."

खमिदून गेला. तमूमतनं त्या संध्याकाळी वस्तीतल्या सातही तंबूंना फेरी घातली. प्रत्येक बाईला एकच विनंती: उद्या उजाडेपर्यंत उखळाला हात लावू नका. तिची मावसबहीण घैशा कंबरेवर हात ठेवून उभी राहिली.

"वा गं. हिला नवरा हवा म्हणून अख्ख्या वस्तीनं उपाशी बसायचं."

"उशिरा खा एक दिवस. मरत नाही कुणी."

"आणि माझं गाढव? पहाटे ते ओरडल्याशिवाय राहत नाही, त्याला कोण विनंती करणार?" मग घैशाचा चेहरा मऊ झाला. "जा. गाढवाचं तोंड मी सांभाळते. तू तुझं सांभाळ, या खेपेला तरी."

एक अडचण उरली होती, आणि ती बोलायची कशी हे तमूमतला कळत नव्हतं. बापादेखत नवऱ्याच्या नावानं हाका मारायच्या, म्हणजे लाज पार सोडून देणंच. ती बापाच्या तंबूपाशी घुटमळत राहिली. म्हाताऱ्यानं तिची पावलं ओळखली.

"उद्या विहिरीच्या खळग्यात उभी राहा," तो म्हणाला. "टेकाडावर चढू नकोस. गारवा खळग्यात साचतो, आवाज त्यावर तरतो. तोंड दक्षिणेला. नाव लांबव, पण किंचाळू नकोस, किंचाळलेला आवाज लवकर फाटतो. तिन्ही हाका सूर्याआधी झाल्या पाहिजेत."

"हो बाबा."

"आणि मी उद्या बहिरा आहे."

पहाट झाली. तमूमत विहिरीच्या खळग्यात उतरली तेव्हा तळव्यांना वाळू बर्फागत लागत होती. वर सात तंबू आणि एकाही उखळाचा आवाज नाही. अशी पहाट तिनं जन्मात ऐकली नव्हती. घैशा गाढवाच्या गळ्यात हात टाकून बसलेली, त्याला मूठ मूठ बाजरी चारत. टेकाडापलीकडून एका उंटाच्या पायातली साखळी किणकिणली, आणि ती अगदी कानाशी किणकिणल्यासारखी वाटली. म्हणजे वाट मोकळी होती. पूर्वेला आभाळ फिकट व्हायला लागलं.

तिनं तोंड उघडलं आणि आवाजच निघाला नाही. चार वर्षांत ते नाव तिनं मोठ्यानं एकदाही उच्चारलं नव्हतं. मनात हजारदा, गळ्यातून कधीच नाही. आता गळा ते विसरला होता. तिनं गार हवा घेतली, खोकली, पुन्हा घेतली. पूर्वेची कड पिवळी होत होती. तिच्या मनात हिशेब चालू होता: तीन हाका, मध्ये दम घ्यायला वेळ, दुसरीनंतर त्यालाही वाट बघू द्यायची. तो नियमाचा माणूस आहे. तिसरीशिवाय तो जागचा हलायचा नाही. तीन व्हायलाच हव्यात.

"अत्ताहेर."

आवाज घोगरा निघाला, पण निघाला. तो खळग्यातून गेला, टेकाडाच्या दिशेनं लांबत गेला, आणि गेलेला तिला ऐकू आला. तिनं डोळे मिटले आणि दुसऱ्या हाकेसाठी छाती भरून हवा घेतली.

ती हवा आतच राहिली.

"ओ."

काळ्या कड्याकडून आली ती. त्याच चुकीच्या बाजूनं, जिथं ना वाट ना माणूस. लांबवलेली, थोडी फाटलेली, पन्नाशी ओलांडलेल्या माणसाची ओ. तमूमत वाळूत बसली. दुसरी हाक मारायची तिला आठवणच राहिली नाही. मागोमाग टेकाडापलीकडे एक उंट बोंबलला, मग दुसरा, आणि त्यात खमिदूनचं मोठ्यानं हसणं मिसळलं. मग सूर्याची कोर वर आली, आणि हळूहळू ते सगळं विझत गेलं.

वस्तीत घैशाचं गाढव एकदाचं ओरडलं. एकेक उखळ सुरू झालं.

तमूमत चढून वर आली तेव्हा म्हातारा आपली चटई ओढत तंबूच्या मागच्या बाजूला नेत होता. जावई येताना सासऱ्यानं दारात बसायचं नसतं.

"बाबा," ती म्हणाली, "ऐकलंत?"

"मी आज बहिरा आहे." त्यानं फेट्याचा पदर वर ओढला, डोळ्यांपर्यंत. थोड्या वेळानं त्यातून विचारलं, "किती मारल्यास?"

"एक."

म्हातारा थांबला. चटईचं टोक त्याच्या हातातून सुटलं.

"एकच? आणि ओ दिली त्यानं? कोण बोलावतंय, माणूस की ते, काहीच न बघता?"

"काहीच न बघता."

एकीकडं सगळ्या वस्तीत बाजरी कांडली जात होती. तमूमतनं किटलीत पाणी ओतलं, चूल पेटवली, तीन पेले पुसून ठेवले. टेकाडाच्या माथ्यावर एक माणूस दिसला, खोगीर खांद्यावर, गुडघे दुखणाऱ्या माणसाच्या चालीनं उतरणारा. तो हात वर करून काहीतरी म्हणत होता. ऊन चढलं होतं, काही ऐकू येत नव्हतं.

"ओ," तमूमत म्हणाली. मग पुन्हा म्हणाली, आणि पुन्हा. तो जवळ येईपर्यंत ती म्हणतच राहिली.